गरिमाच्या नावाचा परवाना

दतियाहून रघुनाथरावांचा फोन आला तेव्हा गरिमा मोहिते ग्वाल्हेरला इंदरगंजच्या किडनी सेंटरमध्ये आपल्या छोट्या खोलीत बसून पेशंटचे रिपोर्ट चाळत होती. रघुनाथराव निवृत्त इतिहास शिक्षक. आठवड्यातून दोनदा दतियाच्या डायलिसिस युनिटमध्ये जायचे आणि महिन्यातून एकदा गरिमाला फोन करून जेवणावरून भांडायचे.

"मॅडम, एकाएकी एवढी मेहरबानी कशी काय झाली माझ्यावर?"

"कसली मेहरबानी, काका?"

"अहो, या वेळच्या कागदावर रोज दोन केळी लिहिलीत. गेली चार वर्षं केळ्याकडे बघूसुद्धा देत नव्हतात. खाऊ का?"

गरिमा खुर्चीतून उठूनच उभी राहिली. "हात लावू नका! एकही केळं खायचं नाही. तो कागद फाडून टाका. मी दतियाला बोलते."

डायलिसिसच्या पेशंटला केळं म्हणजे पोटॅशियम, आणि पोटॅशियम वाढलं की थेट हृदयाशी गाठ. हे तिच्या सगळ्या पेशंटना पाठ होतं. रघुनाथराव तर मास्तर, त्यांना शंका आली म्हणून त्यांनी विचारलं. पण एखादा भोळा माणूस लिहिलंय म्हणून खाऊन मोकळा झाला असता.

हा घोळ कुठून आला ते शोधायला तिला फार वेळ लागला नाही. तिची 'थाळी' ही एक्सेलची फाइल. आहारतज्ज्ञ म्हणून नोकरीला लागली तेव्हापासून ती ही फाइल बांधत आली होती. पेशंटचं वजन, रक्ताचे रिपोर्ट, डायलिसिसचे वार भरले की दिवसभराचं जेवण समोर यायचं. तेही पुस्तकातलं जेवण नव्हे. ग्वाल्हेरचा माणूस सकाळी डाळ भरलेली बेडई पुरी खाणार, दुपारी कढी मागणार, थंडीत मुरैन्याची तिळगुळाची गजक त्याच्या घरी येणारच, हे सगळं त्या फाइलीत होतं. बटाटा कसा चिरायचा, किती भिजवायचा, उकळलेलं पाणी फेकलं की किती पोटॅशियम उरतं, याचा हिशोब तिने एकेक पदार्थ करून घातला होता. आसपासच्या जिल्ह्यांतल्या युनिटांनी मागितली तशी तिने ती सगळ्यांना मोकळ्या हाताने वाटली. आणि दतियाच्या कोण्या नर्सने घाईत एका चौकटीत आकड्याऐवजी 'थोडं' असं टाइप केलं होतं, वर सूत्र खोडून स्वतःचं काहीतरी लिहिलं होतं. नर्सचा तरी काय दोष? उघड्या फाइलीत कोणीही काहीही लिहावं.

त्या दिवशी घरी, दर्पण कॉलनीत, तिचं कशात लक्ष नव्हतं. सासूबाईंच्या लक्षात आलं. सुधाताई मोहिते म्हणजे कॉलनीतलं मोठं प्रस्थ. त्यांचे सासरे फौजेत होते, नवराही फौजेत, आणि थोरला मुलगा विक्रमसिंह, गरिमाचा नवरा, आता आसामात पोस्टिंगवर. घर चालवायची सवय त्यांना अर्ध्या शतकाची.

"काय झालं गं?"

गरिमाने सांगितलं. सुधाताईंनी भाजी निवडता निवडता सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "मग त्या फाइलीला कुलूप लाव ना."

"आई, एक्सेलचं कुलूप तोडायला पाच मिनिटं लागतात. तुमचा धाकटा सौरवच तोडून दाखवेल."

"मग पक्कं कुलूप शोध."

शोधायला लागली तेव्हा तिला कळलं की असं कुलूप मिळतं. त्याला कंपायलर म्हणतात. एक्सेलची आख्खी वर्कबुक त्याच्यात घातली की बाहेर एक स्वतंत्र प्रोग्रॅम निघतो. भरायच्या जागा तेवढ्या उघड्या राहतात, सूत्रं आत बंद. कोणाला दिसत नाहीत, कोणाला खोडता येत नाहीत. शिवाय हा प्रोग्रॅम कोणत्या संगणकावर चालेल हेही बनवणाऱ्यानेच ठरवायचं. ज्याला द्यायचा त्याला किल्ली द्यायची. एका युरोपातल्या कंपनीचं हे सॉफ्टवेअर होतं. तिने वापरून बघायला त्याची ट्रायल उतरवून घेतली आणि पुढचे कित्येक रविवार त्यातच घालवले. चुकीचं वजन भरलं तर काय होईल, रिपोर्टची तारीख जुनी असेल तर काय, हे सगळं ती बसून ठोकून-ठाकून बघत राहिली. प्रोग्रॅम झकास झाला. फक्त तो उघडला की वर एक पट्टी झळकायची, 'ट्रायल प्रत, वितरणासाठी नाही', आणि काही दिवसांनी तो आपला आपण बंद पडायचा.

खरा परवाना घ्यायचा तर दाम मोजावे लागणार होते. डॉक्टर संग्रामसिंह जाधव, सेंटरचे प्रमुख, यांच्याकडे ती गेली.

"गरिमाजी, एक्सेलच तर आहे," डॉक्टर हसून म्हणाले. माणूस वाईट नव्हता, पण दिवसाला शंभर माणसं त्यांच्या दारात. "त्याच्यासाठी परदेशी सॉफ्टवेअर कशाला? आणि घ्यायचंच असेल तर सेंटरच्या नावावर घेऊ. पुढच्या बजेटमध्ये बघतो."

पुढचं बजेट म्हणजे पुढचा चैत्र. तोवर किती ठिकाणी केळी लिहिली जातील कोणास ठाऊक.

धाकटा दीर सौरव याचं इंदरगंजच्या चौकाजवळ संगणकाचं दुकान होतं. त्याला ऐकून हसूच आलं. "वहिनी, तुम्ही पण ना! इसका क्रॅक मिलता है. परवान्याशिवाय चालतं, फुकट. दहा मिनिटांत टाकून देतो. सब लोग यही करते हैं."

"सब लोग म्हणजे कोण?"

"सगळं मार्केट! कोण विकत घेतं सॉफ्टवेअर?"

खरं सांगायचं तर गरिमाला मोह पडला होता. पण तिच्या डोळ्यांपुढे दतियाचं युनिट आलं, भिंडचं आलं, शिवपुरीचं आलं. तिने चोरीच्या हत्याराने प्रोग्रॅम बांधायचा, त्यात कोणी काय दडवलंय ते तिला माहीत नाही, आणि मग तोच प्रोग्रॅम तिच्या भरवशावर दवाखान्यांच्या संगणकांत जायचा.

"नाही रे," ती म्हणाली. "यातून माणसं जेवणार आहेत. मला विकतच घ्यायचंय."

दिवाळीचा बोनस तिने परवान्यासाठी बाजूला काढला. एका दुपारी जेवणं उरकल्यावर ती लॅपटॉप घेऊन हॉलमध्ये बसली. सुधाताई शेजारी. खरेदीच्या पानावर एक रकाना होता, परवाना कोणाच्या नावे? गरिमाची बोटं सवयीने सेंटरचं नाव टाइप करायला लागली. सगळीकडे तेच नाव लिहायची सवय.

"हे काय लिहितेस?" सुधाताईंनी चष्मा वर केला.

"सेंटरचं नाव."

"बोनस तुझा, फाइल तुझी, रविवार तुझे. मग नाव त्यांचं का?" सुधाताईंचा आवाज चढला नाही, पण त्यात जरब होती. "तुझे सासरे सांगायचे, तलवार ज्याच्या हातात, नाव त्याचं. खोड ते."

गरिमाने खोडलं आणि लिहिलं: गरिमा मोहिते. आपलंच नाव टाइप करताना तिला अवघडल्यासारखं झालं. मग बरं वाटलं.

पण काम एवढ्यावर भागलं नाही. कार्ड नाकारलं गेलं. पुन्हा नाकारलं गेलं. बँकेला फोन लावला तेव्हा कळलं की परदेशी खरेदीचा खटका बंद आहे, तो आधी मोबाइलवरून चालू करावा लागतो. तो चालू केला, ओटीपी आला, पैसे गेले, आणि थोड्या वेळाने ईमेलमध्ये लांबलचक किल्ली आली. अक्षरं आणि आकडे यांची माळच. गरिमाने ती उचलून जागेवर चिकटवली. 'किल्ली अवैध आहे.' पुन्हा चिकटवली. पुन्हा तेच.

"आई, फसवलं की काय आपल्याला?"

"हाताने लिहून बघ. मी वाचते, तू लिही."

सुधाताई वाचायला बसल्या. इंग्रजी अक्षरं त्या आपल्या पद्धतीने सांगत होत्या. "बी. बेडईचा बी. सात. एम. मुंगोड्याचा एम. मग हा शून्य आहे की ओ?"

"पोट कसंय त्याचं? बारीक की गोल?"

"बारीक गं, उपाशी."

"मग शून्य."

शेवटचं अक्षर पडलं. गरिमाने बटण दाबलं. घडीभर पडद्यावर एक गोल फिरत राहिला. मग हिरवी खूण आली आणि खाली इंग्रजीत ओळ उमटली, परवाना सक्रिय झाला, परवानाधारक गरिमा मोहिते. मघाशी चिकटवताना किल्लीच्या आधी एक रिकामी जागा चिकटून येत होती, एवढीच काय ती भानगड. गरिमाने सासूबाईंना मिठीच मारली. सुधाताई म्हणाल्या, "अगं चष्मा, चष्मा!" आणि मग त्याही हसायला लागल्या.

यानंतर गोष्टी भराभर घडल्या. डॉक्टर संग्रामसिंहांनी प्रोग्रॅम चालताना बघितला आणि त्यांचा सूरच बदलला. आसपासच्या सगळ्या युनिटांच्या नर्सा आणि आहारतज्ज्ञांचं एक दिवसाचं प्रशिक्षण ग्वाल्हेरला होणारच होतं. त्यात 'थाळी' सगळ्यांना द्यायची असं त्यांनी जाहीर करून टाकलं. पत्रं गेली. हॉल ठरला. गरिमाने शेवटचे बदल करत आणले. प्रशिक्षणाच्या आदल्या दिवशी घरीच बसून अंतिम प्रोग्रॅम काढायचा आणि प्रत्येक युनिटसाठी किल्ल्या तयार करायच्या, असा तिचा बेत होता.

त्या सकाळी कॉलनीच्या ट्रान्सफॉर्मरचा धडाका झाला. दिवे एकदा लख्ख पेटले आणि गेले. परत आले तेव्हा गरिमाचा लॅपटॉप आला नाही. बटण दाबून दाबून बोट दुखलं. स्कूटरवर घालून ती तो सौरवच्या दुकानात घेऊन गेली. सौरवने खोलून बघितला आणि मान हलवली. "वहिनी, बोर्ड गया. यह नहीं उठेगा."

वर्कबुकची प्रत पेन ड्राइव्हवर होती, तेवढं देवाने राखलं. सौरवने आपल्या दुकानातला चांगला लॅपटॉप काढून दिला, कंपायलर उतरवून घेतला. गरिमाने किल्ली घातली. या वेळी एकही अक्षर चुकलं नाही. पण पडद्यावर लाल ओळ आली, ही किल्ली दुसऱ्या संगणकावर वापरात आहे. जुन्या संगणकावरून ती मोकळी करायची असते. आणि जुना संगणक तर समोर उघडा पडला होता, पोट फाडलेल्या फणसासारखा.

तेवढ्यात डॉक्टरांचा फोन आला. तिने झालं ते सांगितलं.

"मग असं करू, गरिमाजी. उद्या साधी एक्सेलची फाइलच वाटून टाकू. प्रोग्रॅम मागाहून पाठवू."

"नाही, सर."

"लोक चार जिल्ह्यांतून येताहेत."

"म्हणूनच नाही. साधी फाइल परत सगळीकडे गेली की ती परत गोळा करता येणार नाही. संध्याकाळपर्यंत मला वेळ द्या."

डॉक्टर म्हणाले, "ठीक आहे. संध्याकाळपर्यंत."

फोन ठेवला तर सौरव खुर्ची ओढून समोर. या वेळी तो हसत नव्हता. "वहिनी, ऐका माझं. सॉफ्टवेअर तुम्ही विकत घेतलंय. तुमचा हक्क आहे. आता क्रॅक टाकला तर ती चोरी कशी? दहा मिनिटं लागतील. किसको पता चलेगा?"

बोलणं बिनतोड वाटत होतं. गरिमाने तोंडावरून हात फिरवला. मग म्हणाली, "मी विकत घेतलंय, म्हणूनच तर मला विचारता येतं. क्रॅकवाल्याला कोण उत्तर देणार? मी त्यांना लिहिते."

"परदेशी कंपनी! हफ्ताभर जवाब नहीं देंगे."

"बघू."

तिने लिहिलं. इंग्रजीत, साधं, सरळ. लॅपटॉप विजेने जळाला, बिलाचा नंबर हा, उद्या सकाळी दवाखान्यांचं प्रशिक्षण आहे, माझी किल्ली मोकळी करून द्यावी. सोबत जळलेल्या बोर्डाचा फोटो आणि बिल जोडलं. मग बसून राहिली. युरोपात अजून ऑफिसं उघडायची होती. सौरवने चहा मागवला. गिऱ्हाइकं आली, गेली. कोणी माउस नेला, कोणी प्रिंटरची शाई. गरिमा मोबाइल उलटा ठेवायची आणि लगेच सुलटा करायची. सुधाताईंचा फोन आला, "जेवलीस का?" ती म्हणाली, "नाही." सुधाताईंनी दाल बाजारच्या बाजूने येणाऱ्या एका ओळखीच्या ऑटोवाल्याच्या हातून डबा पाठवला. दीर-भावजय दोघांनी काउंटरवरच पोळीभाजी खाल्ली.

डब्याचं झाकण लागतं न लागतं तोच मेल आला. गरिमाने तो उभ्यानेच वाचला. तुमची खरेदी आमच्याकडे तुमच्या नावे नोंदलेली आहे. जुन्या संगणकावरून किल्ली आम्ही मोकळी केली आहे. आता तीच किल्ली नव्या संगणकावर चालेल. उद्यासाठी शुभेच्छा. खाली एका बाईचं नाव.

"आलं?" सौरवने विचारलं.

तिने लगेच किल्ली घातली, बटण दाबलं. गोल फिरला. हिरवी खूण.

"अरे वा!" सौरव एवढ्या जोराने ओरडला की शेजारच्या दुकानातले दोघे डोकावले. "वहिनी, हो गया! मान गए!" त्याने टेबलावर हात आपटला. मग जरा ओशाळून म्हणाला, "माझ्या दुकानात पहिल्यांदाच कोणी असं कायद्याने काही चालू केलंय. खरं सांगतो."

दिवस मावळायच्या आत प्रोग्रॅम तयार झाला. वर आता कोणतीही पट्टी नव्हती. फक्त नाव होतं, 'थाळी', आणि खाली बारीक अक्षरांत, रचना गरिमा मोहिते.

दुसऱ्या दिवशी हॉल भरला. नर्सा, आहारतज्ज्ञ, दोन-तीन डॉक्टर. दतियाहून रघुनाथरावही आले होते, आपल्या युनिटच्या गाडीत बसून, पेशंटचा प्रतिनिधी म्हणून. गरिमाने मोठ्या पडद्यावर प्रोग्रॅम उघडला आणि भाषण न करता एकच गोष्ट सांगितली.

"हा मोडून दाखवा."

लोक आधी हसले. मग एक तरुण नर्स पुढे आली आणि तिने वजनाच्या जागी नऊशे लिहिलं. पडद्यावर हिंदीत ओळ आली, यह वज़न इंसान का नहीं लगता, दोबारा तौलिए. हॉलमध्ये हशा पिकला. मग चढाओढच लागली. कोणी आकड्याच्या जागी अक्षरं लिहिली, कोणी मागच्या वर्षीचा रिपोर्ट भरला, कोणी सूत्र शोधायला सगळ्या चौकटींवर टिचक्या मारत राहिलं. भिंडचा एक आहारतज्ज्ञ तर कोट काढून बसला. 'थाळी' हलली नाही. चुकीचं ते नाकारत होती आणि नेमकं काय हवंय ते नम्रपणे सांगत होती. शेवटी त्याने हात वर केले. "मॅडम, हार मान ली."

टाळ्या पडल्या. गरिमाने आजवर हॉलमध्ये टाळ्या वाजवल्या होत्या, घेतल्या नव्हत्या. तिला कान गरम झाल्यासारखे वाटले.

रघुनाथराव काठी टेकत उभे राहिले. "आता माझा रिपोर्ट घाला. आणि विचारा तुमच्या मशीनला, रविवारी बेडई मिळेल का?"

तिने त्यांचे ताजे आकडे भरले. सगळा हॉल वाट बघत होता. उत्तर आलं: एक बेडई, बटाट्याच्या भाजीऐवजी दुधीची भाजी, त्या दिवशी दुपारी डाळ नाही. रघुनाथरावांनी ते दोनदा वाचलं. त्यांचा चेहरा उजळला. "एक तर एक," ते म्हणाले. "चार वर्षांत पहिल्यांदा कोणी हो म्हटलंय."

मग किल्ल्या द्यायचं काम सुरू झालं. प्रत्येक युनिटचा माणूस आपला लॅपटॉप घेऊन पुढे यायचा, त्याच्या संगणकाचा क्रमांक गरिमा आपल्याकडे भरायची, आणि त्या एकाच संगणकाची किल्ली तयार व्हायची. दतिया उघडलं. भिंड उघडलं. शिवपुरी, मुरैना. सौरव दुकान बंद करून आला होता आणि तारा जोडत, लोकांना समजावत फिरत होता. एकाला तो अगदी गंभीर आवाजात सांगताना तिला ऐकू आलं, "भाईसाहब, लाइसेंस वाला है. ओरिजिनल. हमारी भाभी का है."

सगळ्यांच्या शेवटी डॉक्टर संग्रामसिंह आपला लॅपटॉप घेऊन रांगेत उभे राहिलेले तिला दिसले. ती गडबडून उठली.

"बसा, बसा," ते म्हणाले. "माझाही नंबर येऊ द्या. सेंटरलाही परवाना लागेल ना?"

"लागेल, सर."

"आणि अटी काय?"

गरिमाने श्वास घेतला. हे तिने कधी ठरवलं नव्हतं, पण उत्तर तयारच असल्यासारखं आलं. "सूत्रं मीच बदलणार. प्रोग्रॅमवर नाव माझं राहील. आणि दर वर्षी नवे पदार्थ घालायला मला कामाच्या वेळातून दिवस मिळतील. रविवार नाही."

डॉक्टरांनी तिच्याकडे बघितलं. मग मान डोलावली. "मंजूर. लेखी देतो."

त्यांच्या संगणकाचा क्रमांक तिने भरला. परवाना कोणाच्या नावे, असं प्रोग्रॅमने विचारलं. तिने सेंटरचं नाव लिहिलं, किल्ली तयार केली आणि लॅपटॉप त्यांच्याकडे वळवला. "आता तुम्ही बटण दाबा, सर."

त्यांनी दाबलं. 'थाळी' उघडली.

हॉल रिकामा होईपर्यंत तिचा मोबाइल वाजत राहिला होता. शेवटी तिने तो उचलला. झाशीच्या एका दवाखान्यातून कोणी बाई बोलत होत्या, त्यांच्या बहिणीने मुरैन्याहून फोन करून सांगितलं होतं. आम्हालाही मिळेल का? गरिमा पायऱ्यांवर येऊन बसली, पर्समधून पेन काढलं आणि म्हणाली, "मिळेल ना. सांगा, तुमच्याकडे पेशंट सकाळी नाश्त्याला काय खातात?"